ग्रंथपालांचा पगार आणि ज्येष्ठता : दोन दावे, दोन मुदती

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

शासकीय महाविद्यालयांतील ग्रंथपालांचे सेवाविषयक अर्ज वाचले की एकच वाक्य पुन्हा पुन्हा भेटते : ‘माझी पूर्वीची सेवा धरून मला ज्येष्ठता, कॅसचे लाभ व थकबाकी मिळावी.’ कॅस म्हणजे ठरावीक सेवा व अटी पूर्ण झाल्यावर वरचा वेतनस्तर देणारी ‘करिअर अ‍ॅडव्हान्समेंट स्कीम’. अर्जातल्या या एका वाक्यात दोन वेगळे दावे आहेत : पगाराचा (कॅस व तिची थकबाकी) आणि ज्येष्ठतेचा. त्यांचे नियम, मुदती आणि प्रतिवादी वेगळे आहेत. ते एकत्र बांधल्यामुळे सहज मिळू शकणारा पगाराचा दावाही ज्येष्ठतेच्या दाव्यासोबत बुडतो. हे वर्षानुवर्षे घडत आहे, म्हणून हे पत्र जरा सविस्तर लिहीत आहोत.

महाविद्यालयीन ग्रंथपालाची वेतनश्रेणी 1 जानेवारी 1986 पासून अध्यापकांच्या बरोबरीने आली. पुढे 12 ऑगस्ट 2009 आणि 8 मार्च 2019 च्या शासन निर्णयांनी सहाव्या व सातव्या वेतन आयोगाची यूजीसी (विद्यापीठ अनुदान आयोग) वेतनरचना राज्यात लागू झाली. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, 2016 मधील ‘शिक्षक’ या व्याख्येतही ग्रंथपाल आहे. पण व्याख्येत शिक्षक असणे म्हणजे अध्यापकांच्या ज्येष्ठता यादीत असणे नव्हे. ग्रंथपालाचा संवर्ग वेगळा आणि यादीही वेगळी. प्राचार्यपदासाठी उमेदवार प्राध्यापक किंवा सहयोगी प्राध्यापक असावा आणि त्याला अध्यापन किंवा संशोधनाचा एकूण किमान 15 वर्षांचा अनुभव असावा अशी अट आहे, आणि ग्रंथपालाची सेवा तिथे चालत नाही. हे मान्य करूनच पुढचा विचार करावा लागतो.

आता मुख्य मुद्दा. कॅसचा ज्येष्ठतेशी काहीही संबंध नाही. कॅसमध्ये रिक्त पद लागत नाही, बिंदुनामावली (आरक्षणाचा पदक्रम) लागत नाही, कोणाला मागे टाकावे लागत नाही. आपली पात्रता ज्या दिवशी पूर्ण झाली तो दिवस आणि आपली कागदपत्रे, एवढ्यावर लाभ ठरतो. पीएच.डी. असेल तर 4 वर्षे, एम.फिल. असेल तर 5, दोन्ही नसेल तर 6 वर्षांनी स्तर 10 मधून स्तर 11. नंतर 5 वर्षांनी स्तर 12, आणि त्यानंतर 3 वर्षांनी स्तर 13ए. एका महाविद्यालयातल्या ग्रंथपालाला 13ए मिळाला म्हणून दुसऱ्या गावच्या ग्रंथपालाचे पद जात नाही. म्हणूनच न्यायालये पगाराच्या दाव्याकडे थोड्या उदारपणे पाहतात आणि ज्येष्ठतेच्या दाव्याकडे कठोरपणे.

पहिल्या टप्प्याच्या उशिराकडे बहुतेक जण दुर्लक्ष करतात, कारण तो स्वस्त वाटतो. आकडे मांडून पाहा. स्तर 10 ची सुरुवात 57,700 रुपये. वार्षिक वेतनवाढ आणि पदोन्नतीची तारीख एकच धरली, एम.फिल. व पीएच.डी. नाही असे धरले, तर 6 वर्षांनी मूळ वेतन 68,800 होते. स्तर 11 देताना आधी त्याच स्तरात एक काल्पनिक वेतनवाढ द्यायची (70,900) आणि मग नव्या स्तरातील तेवढ्याच किंवा लगतच्या वरच्या टप्प्यावर बसवायचे : 71,000. फरक महिना 2,200. हीच स्थाननिश्चिती 2 वर्षे उशिरा झाली तर त्या दिवशी 75,300 मिळतात, आणि वेळेवर लाभ मिळालेल्या सहकाऱ्याचेही तेव्हा 75,300 च असतात. म्हणजे नुकसान 52,800 रुपये आणि प्रकरण संपले, असे वाटते.

ते संपलेले नसते. पुढच्या प्रत्येक टप्प्याची 5 आणि 3 वर्षे त्या उशिरा मिळालेल्या तारखेपासून मोजली जातात. बाकीच्या सर्व अटी दोघांनीही पूर्ण केल्या असे धरा. वेळेवर लाभ मिळालेला ग्रंथपाल 14 व्या वर्षाच्या शेवटी 95,300 वरून थेट 1,31,400 वर जातो, कारण 13ए ची सुरुवातच तिथून आहे. उशीर झालेला त्या दिवशी 95,300 वर असतो आणि आणखी 2 वर्षे स्तर 12 मध्येच राहतो. पहिल्या वर्षी महिना 36,100 आणि दुसऱ्या वर्षी 37,100 चा फरक, म्हणजे या दोन वर्षांतच 8,78,400. मधल्या टप्प्याचे 1,18,800 आणि पहिल्या टप्प्याचे 52,800 मिळवले की केवळ मूळ वेतनात 10,50,000 रुपये होतात, महागाई भत्ता वेगळा. शिवाय 16 वर्षे झाली तेव्हा एक जण 1,39,400 वर आणि दुसरा 1,31,400 वर असतो. हे 8,000 पुढे कधीच भरून निघत नाहीत आणि निवृत्तिवेतनापर्यंत सोबत येतात. पहिल्या स्थाननिश्चितीच्या आदेशातली तारीख म्हणूनच भिंग घेऊन वाचावी.

तारखेबाबत नियम स्पष्ट आहे. किमान सेवा पूर्ण झाल्यावर अर्ज केला आणि पहिल्याच मूल्यमापनात उमेदवार यशस्वी ठरला, तर लाभ पात्रतेच्या दिवसापासून मिळतो. समितीची बैठक दीड वर्षाने झाली म्हणून तारीख बैठकीची होत नाही. मात्र पहिल्या मूल्यमापनात अयशस्वी ठरून नंतर यश आले, तर तारीख पुढची धरली जाते. एखादी अट, समजा 21 दिवसांचा उद्बोधन वर्ग, नंतर पूर्ण झाली तरीही तारीख पुढे जाते. यूजीसीने उद्बोधन व उजळणी वर्गांसाठी मुदतवाढी दिल्या होत्या. वर्ग त्या मुदतीत झाला असेल तर त्या पत्राची प्रत अर्जाला जोडलेलीच हवी. ती नसली की लेखा शाखा प्रमाणपत्रावरची तारीख उचलते, आणि वाद तिथेच सुरू होतो.

मूल्यमापनातही ग्रंथपालाचे वेगळे निकष आहेत आणि ते अनेक प्राचार्यांच्या कार्यालयांना ठाऊक नसतात. अध्यापकांचा तक्ता ग्रंथपालाला भरायला दिला जातो, मग तासिकांचा रकाना रिकामा राहतो आणि शेरा प्रतिकूल येतो. यूजीसीच्या 2018 च्या विनियमांत ग्रंथपालांसाठी स्वतंत्र तक्ता आहे. ग्रंथालयातील उपस्थिती 90 टक्के किंवा अधिक असेल तर ‘चांगले’, 80 ते 90 मध्ये ‘समाधानकारक’. ग्रंथसंग्रहाची संगणकीय नोंद 100 टक्के असेल तर ‘चांगले’, किमान 99 टक्के असेल तर ‘समाधानकारक’. साठा पडताळणीत गहाळ पुस्तके 0.5 टक्क्यापेक्षा कमी असतील तर ‘चांगले’, 1 टक्क्यापेक्षा कमी असतील तर ‘समाधानकारक’. एकूण श्रेणी ठरताना उपस्थितीबरोबर साठा पडताळणीची बाब वगळता येत नाही. बाकी बाबींत निवड आहे, हिच्यात नाही.

हे प्रत्यक्षात अवघड कसे होते ते सांगतो. 40,000 प्रतींच्या ग्रंथालयात 0.5 टक्के म्हणजे 200 प्रती आणि 1 टक्का म्हणजे 400. पडताळणीला माणसे लागतात, काही दिवस देवघेव बंद ठेवावी लागते, प्राचार्यांचा लेखी आदेश लागतो. ग्रंथालय परिचराचे पद रिकामे असेल तर पडताळणी वर्षानुवर्षे होत नाही, आणि झाली नाही तर श्रेणी सिद्ध करता येत नाही. एल्फिन्स्टन किंवा राजाराम यांच्यासारख्या एकोणिसाव्या शतकातल्या महाविद्यालयांत तर जुने, दान आलेले, जीर्ण ग्रंथ भरपूर. 40,000 पैकी अशी 400 हून अधिक पुस्तके संगणकात चढवायची राहिली की 99 टक्क्यांची रेषा हुकते. आमचा आग्रह आहे की ग्रंथपालाने दर वर्षी पडताळणीची परवानगी मागणारे पत्र आवक क्रमांकासह द्यावे. परवानगी किंवा मनुष्यबळ मिळाले नाही, तर ती नोंद त्याच वर्षीच्या स्वयंमूल्यमापनात करावी. पुढे न्यायाधिकरणासमोर ‘मला साधनेच दिली नव्हती’ हे सांगताना हीच पत्रे कामी येतात. दहा वर्षांनी तयार केलेल्या निवेदनाला तेवढे वजन नसते.

पूर्वीच्या सेवेचा प्रश्न सगळ्यात गुंतागुंतीचा. शासकीय महाविद्यालयांत लोकसेवा आयोगाचा उमेदवार येईपर्यंत तात्पुरत्या नियुक्त्या दिल्या गेल्या, आणि अशा आदेशांत मध्ये एक-दोन दिवसांचे तांत्रिक खंड टाकलेले असत. कॅससाठी ही सेवा धरायची का, याची कसोटी 2010 च्या विनियमांत अशी होती : सेवा 1 वर्षापेक्षा जास्त, नियुक्ती रीतसर निवड समितीमार्फत, आणि कायम पदावरची निवड त्या सेवेला जोडून, खंड न पडता. 2018 च्या विनियमांत भर बदलला. त्या वेळची अर्हता यूजीसीने ठरवलेल्या अर्हतेपेक्षा कमी नसावी, निवड समिती रीतसर असावी, आणि एकूण मासिक वेतन नियमित नियुक्त व्यक्तीच्या एकूण वेतनापेक्षा कमी नसावे. मानधनावर किंवा तासिका तत्त्वावर केलेले काम इथे अडते. कोणत्या विनियमाच्या काळात पात्रता पूर्ण झाली हे आधी ठरवा, मग त्याच विनियमाची कसोटी लावा. दोन्हींतल्या सोयीच्या अटी वेचून केलेला अर्ज पहिल्याच सुनावणीत उघडा पडतो.

नेट-सेट ही पात्रता परीक्षा उत्तीर्ण नसलेल्यांचा प्रश्न वेगळा. 27 जून 2013 च्या शासन निर्णयाने अशांच्या सेवा नियमित केल्या, पण निर्णयाच्या दिनांकापासून. त्यावर झालेल्या याचिकांमधले निकाल प्रत्येकाने आपल्या नियुक्तीच्या तारखेशी ताडून पाहावेत. मथळा वाचून ‘आपल्यालाही लागू’ असे समजू नये.

आता ज्येष्ठता. तिचा आधार 1982 ची महाराष्ट्र नागरी सेवा (ज्येष्ठतेचे विनियमन) नियमावली आणि नंतर तिच्या जागी आलेली 2021 ची नियमावली. मूळ तत्त्व अखंड सेवेचे, पण निव्वळ सोयीपोटी दिलेली तात्पुरती नियुक्ती त्यात धरली जात नाही. महाराष्ट्रातल्याच अभियंत्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 1990 मध्ये हे स्पष्ट केले. नियमानुसार नियुक्ती असेल तर ज्येष्ठता नियुक्तीच्या दिनांकापासून, कायम केल्याच्या दिनांकापासून नव्हे. नियुक्ती तदर्थ आणि नियमाबाहेरची असेल तर ती सेवा धरायची नाही. नियुक्तीच्या वेळी पूर्ण कार्यपद्धती पाळली नव्हती, पण सेवा अखंड चालू राहून नियमानुसार नियमित झाली, तर ती धरायची. आपली सेवा यातल्या कोणत्या कप्प्यात बसते, यावरच सगळे अवलंबून असते. ते नियुक्ती आदेशातल्या एका ओळीवरून ठरते. ‘आयोगाचा उमेदवार उपलब्ध होईपर्यंत’ हे शब्द असतील, तर ज्येष्ठतेचा दावा फार कमकुवत आहे हे ग्रंथपालाला सुरुवातीलाच कोणीतरी प्रामाणिकपणे सांगायला हवे.

म्हणजे एकच पूर्वसेवा कॅससाठी मोजली जाऊ शकते आणि ज्येष्ठतेसाठी नाही. यात विसंगती नाही. कॅस अनुभवाचे मोजमाप करते. ज्येष्ठता यादीत मात्र एकाला वर घेतले की दुसरा खाली जातो. निवृत्तिवेतनासाठी तर तिसरीच रेषा आहे, जुनी व नवी निवृत्तिवेतन योजना वेगळी करणारी 1 नोव्हेंबर 2005 ची, आणि त्या तारखेच्या अलीकडे-पलीकडे तात्पुरते व नियमित असलेल्यांनी तो मुद्दा स्वतंत्र मांडावा.

आयोगाच्या एकाच निवडयादीतून आलेल्यांची आपसातली ज्येष्ठता गुणवत्ताक्रमाने लागते, कोण आधी रुजू झाला यावर नाही. पण आदेशापासून 30 दिवसांत किंवा वाढवून दिलेल्या मुदतीत रुजू व्हावे लागते. मुदतवाढीचे पत्र सेवापुस्तकात नसल्याने क्रमांक घसरतो. ते पत्र आजच शोधून सेवापुस्तकाला लावून घ्यावे.

मुदतींचे गणित सांगतो, कारण सर्वाधिक प्रकरणे इथे पडतात. शासकीय कर्मचाऱ्याचा मार्ग महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचा, म्हणजे मॅटचा आहे. मुंबई, नागपूर व छत्रपती संभाजीनगर इथे त्याची पीठे आहेत. 1997 च्या घटनापीठाच्या निकालानंतर मॅटला वगळून थेट उच्च न्यायालयात जाता येत नाही. मॅटच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे जाता येते. अनुदानित खासगी महाविद्यालयाचा ग्रंथपाल मात्र मॅटकडे जाऊ शकत नाही. त्याच्यासाठी विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरण किंवा उच्च न्यायालय. मित्राच्या अर्जाची नक्कल करून चुकीच्या दारात दोन वर्षे घालवणारे आहेत.

प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, 1985 च्या कलम 21 नुसार आदेशापासून 1 वर्षात अर्ज करायचा. आदेशाविरुद्ध निवेदन दिले आणि 6 महिने उत्तर आले नाही, तर ते 6 महिने संपल्यापासून 1 वर्ष. निवेदन 10 जानेवारी 2024 ला दिले असेल तर 10 जुलै 2024 ला 6 महिने होतात आणि 10 जुलै 2025 ला दार बंद होते. त्यानंतर स्मरणपत्रांवर स्मरणपत्रे देऊन मुदत वाढत नाही. जुन्या दाव्यावर नवे निवेदन देऊन, त्याला आलेल्या नकाराची तारीख पुढे करण्याचा मार्गही सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्येच बंद केला आहे.

पगाराला सवलत आहे ती इथे. चुकीची वेतननिश्चिती दर महिन्याच्या पगारात नव्याने घडते, म्हणून ती सततची चूक मानली जाते. सर्वोच्च न्यायालयाच्या 2008 च्या तरसेम सिंग निकालाने हे सूत्र मांडले : पगार किंवा निवृत्तिवेतनाचा दावा उशिरा आला तरी दिलासा मिळू शकतो, मात्र थकबाकी साधारणपणे याचिकेच्या आधीच्या 3 वर्षांपुरती. पण ज्येष्ठता किंवा पदोन्नतीमुळे इतरांच्या स्थिरावलेल्या हक्कांना धक्का बसत असेल, तर उशिराचा दावा ऐकला जात नाही. म्हणून दोन्ही मागण्या एकाच अर्जात घातल्या की सरकारी वकील उशिराचा आक्षेप संपूर्ण अर्जाला लावतो. दोन अर्ज करा. कॅसच्या अर्जात फक्त वेतननिश्चिती आणि थकबाकी मागा. ज्येष्ठतेच्या अर्जात ज्यांच्या वर जायचे आहे त्यांना प्रतिवादी करा. संख्या मोठी असेल तर निदान काहींना प्रातिनिधिक म्हणून जोडा. त्यांना न जोडता मिळवलेला आदेश पुढे टिकत नाही.

दुसऱ्या कोणाला निकाल मिळाला की आपोआप आपल्यालाही मिळेल, या आशेवर थांबू नका. समान स्थितीतल्यांना समान लाभ द्यावा हे तत्त्व आहेच. पण इतरांचा निकाल लागेपर्यंत कुंपणावर बसून राहिलेल्यांना ते मिळत नाही, असेही 2014 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे. सहकाऱ्याचा निकाल लागल्याचे कळताच त्याची प्रत जोडून निवेदन द्यावे.

शेवटचा घाव वसुलीचा असतो. वेतन पडताळणी पथक निवृत्तीच्या तोंडावर सेवापुस्तक तपासते, स्थाननिश्चितीची तारीख चूक ठरवते आणि लाखोंची वसुली निघते. सर्वोच्च न्यायालयाच्या डिसेंबर 2014 च्या रफिक मसीह निकालात वसुली करू नये अशी परिस्थिती सांगितली आहे : निवृत्त झालेले किंवा वर्षभरात निवृत्त होणारे, आणि जादा रक्कम 5 वर्षांहून अधिक काळ दिली गेली असेल असे. गट क आणि ड च्या कर्मचाऱ्यांनाही संरक्षण आहे, पण ग्रंथपालाने त्या मुद्द्यावर विसंबू नये. आणि 2016 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एक मोठा अपवाद केला : वेतननिश्चितीच्या वेळी ‘जादा रक्कम परत करीन’ असे हमीपत्र दिले असेल तर वसुली होऊ शकते. हे हमीपत्र प्रत्येक वेतन आयोगाच्या वेळी सगळ्यांकडून भरून घेतले जाते आणि कोणीही त्याची प्रत ठेवत नाही. ती ठेवा. कोणत्या वेतननिश्चितीसाठी दिले होते ते पाहा. सातव्या आयोगासाठी दिलेले हमीपत्र 2004 मधल्या स्थाननिश्चितीच्या वसुलीला लावता येते का, हा प्रश्न विचारण्यासारखा आहे आणि वकिलाने तो विचारलाच पाहिजे.

शासनाकडे आमच्या मागण्या मोजक्या आहेत. उच्च शिक्षण संचालनालयाने शासकीय ग्रंथपालांची तात्पुरती ज्येष्ठता यादी दर वर्षी 1 जानेवारीच्या स्थितीनुसार संकेतस्थळावर टाकावी. हरकतींना 30 दिवस द्यावेत आणि अंतिम यादी त्याच वर्षी प्रसिद्ध करावी. यादी अनेक वर्षांनी एकदम निघाली की ती सगळ्यांनाच उशिरा कळते आणि खटले तिथूनच जन्म घेतात. कॅसची समिती एका ग्रंथपालासाठी एका महाविद्यालयात भरवणे अवघड असते, कारण विषयतज्ज्ञ बाहेरून यावे लागतात. म्हणून विभागीय सहसंचालक कार्यालयात वर्षातून दोनदा सर्व ग्रंथपालांसाठी एकत्र बैठक ठेवावी. पडताळणी पथकाने सेवापुस्तक निवृत्तीच्या वर्षी नव्हे, तर प्रत्येक स्थाननिश्चितीनंतर 6 महिन्यांत तपासावे. आणि सहायक ग्रंथपाल व ग्रंथालय सहायक, जे राज्याच्या वेतनश्रेणीत आहेत आणि ज्यांना 2 मार्च 2019 च्या निर्णयानुसार 10, 20, 30 वर्षांची आश्वासित प्रगती योजना लागू आहे, त्यांना कॅसच्या अर्जांत ओढू नये. त्यांचा प्रश्न वेगळा आहे आणि त्यावर वेगळे पत्र लिहावे लागेल.

आपले,
शासकीय महाविद्यालयांतील काही आजी-माजी ग्रंथपाल